उजेडावर धरायचा अंक

बाई, परवा पुण्यात तुमच्यावरून माझं भांडण झालं. भांडण म्हणजे आरडाओरडा नव्हे. सभागृहात, माइक हातात घेऊन, सभ्य माणसं भांडतात तसं. चित्रकथा आणि बंडखोर छापखान्यांवर व्याख्यान होतं. भाचीने नेलं होतं मला, निवृत्तीनंतर मी घरात बसून चिडचिडी झालेय असं तिचं मत आहे. व्याख्याता मुलगा हुशार होता, हे कबूल करते. अमेरिकेतल्या पोरांनी स्वतः काढलेली, स्वतः छापलेली, दुकानदार हात लावायला घाबरत अशी चित्रांची पुस्तकं त्याने पडद्यावर दाखवली. बाबागाडीत गठ्ठा घालून रस्त्यावर विकली म्हणे कुणीतरी. इंग्लंडात अश्लीलतेचे खटले कसे चालले ते सांगितलं. मग आपल्याकडची सायक्लोस्टाइल केलेली अनियतकालिकं आली, शाई फुटलेली, पिना गंजलेल्या. आणि पडद्यावर माणसं कोण? सगळे दाढीवाले पुरुष. एकसुद्धा बाई नाही. मला बसवेना. मी हात वर केला आणि म्हटलं, त्या स्टेन्सिली कुणी कापल्या ते तुम्हाला माहीत आहे का?

त्याला माहीत नव्हतं, आणि माहीत असण्याचं कारणही नाही. तुम्ही मला डार्करूममध्ये, लाल दिव्याखाली, फिल्म डेव्हलपरमध्ये हलवता हलवता सांगितलं होतंत. क्ष-किरणांचा कोर्स करत असताना तुम्ही पुण्यात चुलतभावाच्या खोलीवर जायचात. त्याचे मित्र कविता लिहायचे, सिगरेटी ओढायचे आणि क्रांती कुठल्या तारखेला करायची यावर वाद घालायचे. मेणकागदावर टाइप करायला मात्र तुम्ही. फीत काढून टाइपरायटरच्या उघड्या खिळ्यांनी अक्षरं कोरायची, चूक झाली तर लाल रोगण लावून बुजवायची, आणि चित्रं रिकाम्या बॉलपेनच्या टोकाने ओढायची. “कवी होते सगळे,” तुम्ही म्हणालात, “पण समासात चित्र हवं म्हटलं की माझ्याकडे बघायचे. नाव छापलं नाही कधी. मीही मागितलं नाही.” मी त्या मुलाला हे सांगितलं. तो नम्रपणे हसला. मग मी आखातातल्या दमामची गोष्ट काढली आणि तिथेच खरं वाजलं.

ही गोष्ट मी कुणालाही सांगू नये असं तुमचं म्हणणं होतं. तुम्ही जग सोडलंत त्याला वीस-बावीस वर्षं झाली, आणि म्हणणं मोडायचं मी ठरवलंय. राग आला तर येऊ दे.

दमामच्या त्या खाजगी रुग्णालयात मी आले तेव्हा चोवीस वर्षांची होते, चिपळूणहून थेट. इकामा, म्हणजे तिथे राहायचा परवाना, हातात पडला आणि पासपोर्ट गेला रुग्णालयाच्या ऑफिसातल्या तिजोरीत, कारण कफीलचा, म्हणजे आम्हाला आणणाऱ्या मालकाचा, तसा नियम. होस्टेलला कुलूप, दारावर म्हातारा राखणदार, रुग्णालयात न्यायला-आणायला बस. एक्स-रे विभागात तुम्ही मुख्य. पहिल्याच दिवशी मी फिल्म उलटी टांगली तेव्हा तुम्ही शांतपणे म्हणालात, “काय गो, माणसाचं काळीज उजवीकडे नेऊन ठेवलंस.” तुमचं रागावणं असंच, आवाज न चढवता. एका गोष्टीवर मात्र तुम्ही कडक होतात. लिफाफ्यावरचा नंबर दोनदा वाचायचा, एकदा घालताना, एकदा देताना. दुसऱ्याची छाती पाहून तिसऱ्याला औषध गेलं तर पाप आपल्या माथी, असं तुम्ही म्हणायचात.

मला आल्यापासून महिनाभर एक कोडं होतं. लॉन्ड्रीतला पेशावरचा चाचा, सर्जिकल वॉर्डातल्या मल्याळी नर्सा, स्वयंपाकघरातला श्रीलंकन, सगळे येऊन विचारायचे, “हड्डी का फोटो आया क्या?” आणि तुम्ही एक ठरावीक लिफाफा काढून द्यायचात. त्यावर ज्या रुग्णाचा नंबर होता तो रुग्ण कधी आलाच नव्हता. शेवटी एके दिवशी तुम्ही तो माझ्या हातात ठेवलात. आत खराब झालेली एक छातीची फिल्म, ब्लीचमध्ये बुडवून, घासून, फुफ्फुसं-बरगड्या सगळं धुऊन काढलेली. निळसर पारदर्शक पत्रा राहिला होता, आणि त्यावर जाड काळ्या मार्करने सहा चौकटी. टेबलावर ठेवलं तर काही कळत नाही. उजेडावर धरलं की सांगाडे चालायला लागतात.

सांगाडेच होते सगळे. तुम्ही म्हणालात, रोज आपण हेच बघतो ना, अमेरिकन झोपव नाही तर आपला झाडूवाला झोपव, फिल्मवर एकसारखे. शब्द एकही नाही, कारण वाचणाऱ्यांच्या भाषा आठ-नऊ. बाहेरून येणाऱ्या मासिकांतल्या बायकांचे उघडे दंड तिथले तपासनीस ज्या मार्करने काळे करत, तसलाच मार्कर तुम्ही बाजारातून आणलात. याची तुम्हाला फार गंमत वाटायची. आठवडाभर तो एकच अंक सगळ्या रुग्णालयात फिरायचा, परत यायचा, मग तुम्ही कापसावर स्पिरिट घेऊन तो पुसायचात आणि त्याच फिल्मवर पुढचा काढायचात. कुणी पकडलंच तर एक बोळा फिरवला की खलास. फोटोकॉपीचं मशीन होतं ऑफिसात, पण तिथे प्रत्येक प्रतीची नोंद व्हायची. म्हणून आमच्या वर्तमानपत्राची आवृत्ती एका प्रतीची. परवा त्या मुलाने दाखवलेल्या एकाही अंकात एवढी अक्कल नव्हती, हे मी आजही म्हणेन.

मग नव्वदच्या ऑगस्टात शेजारचं कुवेत गेलं. रस्त्यांवरून रणगाडे जायला लागले, दुकानांत अमेरिकन पोरं दिसायला लागली, रास तनुराकडे तेलाच्या कारखान्यात काम करणारे आपले लोक सामान बांधून घरच्यांना परत पाठवायला लागले. आम्हाला जाता येईना, पासपोर्ट तिजोरीत. वर्तमानपत्रांत नेमकं जे वाचायचं तेच नसायचं. तुमचे अंक मात्र आठवड्याला दोन निघायला लागले. एका अंकात सांगाडा पेपर उघडतो, तो सगळा काळा, मग तो पेपर डोक्यावर धरून उन्हातून चालायला लागतो. लॉन्ड्रीतला चाचा तो अंक खिडकीवर धरून इतका हसला की त्याला खोकल्याची उबळ आली.

जानेवारीत, विषारी वायूच्या हल्ल्याच्या भीतीने, गॅसचे मुखवटे आले. खोकी आमच्यासमोरच उतरवली आणि स्टोअरमध्ये गेली. यादी लागली. आधी डॉक्टर, मग ऑफिसवाले, मग गोरे तंत्रज्ञ. आमची, नर्सांची, झाडूवाल्यांची नावं यादीत नव्हती. आम्हाला सांगितलं, खिडक्यांना चिकटपट्टी लावा, बाथरूमच्या दाराशी ओला टॉवेल ठेवा. माझ्या खोलीतली कोट्टायमची नर्स, जी सापाला चपलेने मारेल अशी, ती ऑफिसात विचारायला गेली. तिला म्हणाले, तुम्ही आत काम करता, आत सुरक्षित आहे. ती परत आली आणि टॉवेल भिजवता भिजवता रडायला लागली. मला आयुष्यात इतका संताप कधी आला नव्हता.

तुमचा त्या आठवड्याचा अंक तुमच्या सगळ्या अंकांत भारी होता. सांगाड्यांची रांग, खिडकीत एक सांगाडा, टाय लावलेला. तो प्रत्येकाकडे इकामा मागतो, हाडं उजेडावर धरून बघतो, मान हलवतो. शेवटच्या चौकटीत रांगेतले सगळे आडवे पडलेले, आणि खिडकीतला मुखवटा घालून बसलेला, समोर कुणीच नाही. मी म्हटलं, बाई, हा वरच्यांना दिसायला हवा. तुम्ही म्हणालात, “नाही. हे आपलं आपल्यापुरतं.” मी म्हटलं, आपल्यापुरतं हसून मुखवटा मिळतो का? तुम्ही कप धुवत होतात. “मुखवटा नाही मिळत,” तुम्ही म्हणालात, “झोप मिळते. तू अजून लहान आहेस, तुला झोपेची किंमत नाही.” पुण्यातल्या त्या पोरांनी आपले अंक मंत्र्यांना पोस्टाने धाडले होते, मग पोलीस आले आणि सगळे कवी आपापल्या गावी पळाले, स्टेन्सिलवरचं अक्षर कुणाचं हे विचारायला पोलीस तुमच्या वसतिगृहात आले, हे तुम्ही मला त्या दिवशी पहिल्यांदा सांगितलंत. तुमचं बरोबर होतं. पण मला ते पटलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी सातची हाडांच्या डॉक्टरांची बैठक. लिफाफ्यांचा गठ्ठा नेहमीप्रमाणे मी नेते. एकेक फिल्म काढून भिंतीवरच्या व्ह्यू बॉक्सवर लावते. मांडीचं हाड, खांदा, मनगट, आणि चौथ्या लिफाफ्यातून तुमचे सांगाडे निघतात. ट्यूबच्या पांढऱ्या उजेडात ती रांग भिंतभर उभी राहते. सात-आठ डॉक्टर, आणि नेमका त्या दिवशी आलेला आमचा मुदीर, म्हणजे रुग्णालयाचा व्यवस्थापक. सुदानचे म्हातारे हाडांचे डॉक्टर चष्मा कपाळावर चढवून पुढे येतात, सहाही चौकटी सावकाश बघतात आणि इंग्रजीत म्हणतात, “निदान बरोबर आहे.” मग जागेवर जाऊन बसतात. मुदीर विचारतो, हे कुणाचं काम?

दारात तुम्ही उभ्या होतात. तुम्ही आत आलात आणि म्हणालात, “माझं. मुलीच्या हातून लिफाफा बदलला, तिला माहीत नाही आत काय आहे.” सरळ, कुणाचा डोस किती हे सांगावं तसं. मुदीरने मला ते तिथल्या तिथे पुसायला सांगितलं. तुम्हीच बोळा स्पिरिटमध्ये भिजवून माझ्या हातात दिलात आणि मराठीत म्हणालात, “नीट पूस गो, कोपरे राहतात.” मी पुसलं. सगळ्यांसमोर भिंतीवर नुसता निळा उजेड राहिला. पुरावा का नाही, असं परवा त्या मुलाने विचारलं ना, तो असा नाही. माझ्याच हाताने गेला.

तिसऱ्या दिवशी तुमचा पासपोर्ट तिजोरीतून निघाला, त्यावर कायमचं परत जायचा शिक्का. दमामचा विमानतळ तोवर बंद झालेला. इतर काही बायकांबरोबर तुम्हाला बसने जिद्दाला पाठवलं, रियाधवरून, ताइफचा घाट उतरून. निघताना तुम्ही पासपोर्टने मला वारा घातलात आणि म्हणालात, “बघ, कुणाला मिळत नाही तो मला मिळाला.” आणि मग एकदम गंभीर होऊन, “नंबर दोनदा वाचायचा. किती वेळा सांगितलं. तुझ्या निष्काळजीपणाने उद्या माणूस मरेल.” बसमध्ये चढलात. जिद्दाच्या अझीझिया भागातल्या ओळखीच्या मराठी कुटुंबाकडे आठवडाभर विमानाची वाट पाहत राहिलात, तिथून तुमचं कार्ड आलं. त्यातही तेच, तब्येतीला जप, आणि नंबर. तुम्हाला वाटलं असेल की पोरगी अपराधाने खचली असेल, तिला कामाचं काहीतरी सांगावं.

तुम्ही गेल्यावर चार दिवसांनी होस्टेलच्या दाराशी दोन खोकी येऊन पडली. सगळ्यांना पुरतील इतके मुखवटे, झाडूवाल्यांनासुद्धा. तुमच्या अंकामुळे आले असं कुणी म्हणालं नाही, म्हणणारही नव्हतं. कोट्टायमची नर्स मात्र मुखवटा चढवून, त्याच्या आतून, तुमचं नाव घेऊन मल्याळीत काहीतरी बराच वेळ बोलत होती. मला एकही शब्द कळला नाही, आणि मी विचारलंही नाही. त्यानंतर सायरन वाजला की मी मुखवटा घालायची आणि मला त्यात श्वास घेणं नकोसं व्हायचं.

तर परवाचं. तो मुलगा म्हणाला, गोष्ट विलक्षण आहे, पण एकही प्रत उरलेली नाही, बाईंचं नाव कुठे छापलेलं नाही, इतिहासात धरायचं तर आधार लागतो. मी म्हटलं, प्रती ज्यांच्या उरल्या त्यांना उरवायची मुभा होती. ज्यांना एका बोळ्यात पुसून दुसऱ्या दिवशी कामावर उभं राहायचं होतं त्यांचं काय? तुमचा इतिहास कपाटात सापडतो तेवढाच आहे. लोकांनी टाळ्या वाजवल्या, भाचीने माझा पदर ओढला. तो मुलगा बिचारा वही काढून पुढे आला आणि म्हणाला, मावशी, तुम्हीच साक्षीदार, तुम्हीच सांगा, मी लिहून घेतो. मी सांगितलं. ब्लीच, मार्कर, सांगाडे, लॉन्ड्रीतला चाचा, सगळं. नावही सांगितलं तुमचं, अक्षर न अक्षर. ते आता छापून येणार आहे आणि त्याबद्दल मी तुमची माफी मागणार नाही.

पण बाई, त्या सकाळी मी लिफाफ्यावरचा नंबर दोनदा वाचला होता. घालताना एकदा आणि गठ्ठ्यात चौथा ठेवताना एकदा. मुदीरने विचारलं तेव्हा तोंड उघडायला मला तेवढा वेळ होता, आणि तुमचं ‘लिफाफा बदलला’ ऐकून मला हायसं वाटलं. तुमची नोकरी गेली, आणि मी आयुष्यभर निष्काळजी म्हणवून घेतलं, कारण ते सोपं होतं. अंक लावला याचा मला आजही पश्चात्ताप नाही, पुन्हा लावीन. परवा त्या मुलाने पेन थांबवून विचारलं, मग तो व्ह्यू बॉक्सवर गेला कसा? भरलेल्या सभागृहात, तुमच्यासाठी एवढी भांडून झाल्यावर, मी म्हणाले, चुकून.