ताणावरची बाग

६ जानेवारी
आज सीताबर्डीत माझ्यावर घोर अन्याय झाला. तर्री-पोह्यांच्या रांगेत मी उभी, आणि तर्री नेमकी माझ्या पुढच्या माणसाच्या प्लेटवर संपली. मला कोरडे पोहे आणि वर सहानुभूती. घटनापीठापुढे न्यावं असं प्रकरण — तेवढ्यात काटोलहून माझ्या मावसबहिणीचा, सुभद्राताईचा फोन. तिच्या संत्र्याच्या बागेवर बँकेनं ताब्याची नोटीस चिकटवली. थकबाकी आहे, ताई नाकारत नाही. पण आता थेट लिलाव.
पोहे तसेच राहिले.

९ जानेवारी
ताईला वकील संघपाल मेश्राम यांच्याकडे नेलं. ते म्हणाले, ज्या वसुली कायद्याखाली नोटीस आली, त्यानं शेतजमिनीला बँकेला हात लावता येत नाही. मग लावला कसा? बँकेच्या अधिकाऱ्याचा अहवाल आहे. धर्मेंद्र नावाचा कुणी. "झाडे वाळलेली, पाणी बंद, शेती सोडून दिलेली." म्हणजे ती शेतजमीनच उरली नाही!
साहेब आले डिसेंबरात. तेव्हा आमच्याकडे संत्र्याला ताण देतात — पाणी मुद्दाम तोडायचं, पानं पिवळी पडेपर्यंत. संक्रांतीच्या सुमारास पाणी सोडलं की झाड घाबरून फुलतं. यांनी उपाशी झाडाला मेलेलं ठरवलं. एकादशीला माझ्या घरी आले असते तर मलाही जप्त करून नेलं असतं.

११ जानेवारी
मेश्राम फेरपाहणी मागणार आहेत. ताईला म्हणाले, "आजच पाणी सोडा. बाग हिरवी दिसली पाहिजे."
"ताण पुरा नाही झाला. आता सोडलं तं नुसते पानं येतीन, बहार नाही."
मी म्हटलं, आधी बाग वाचव. बहार पुढच्या वर्षी.
"काहून वं, तू बी त्याईच्यासारखी बोलून राहिली? पानं विकून हप्ता भरू काय? मले कर्ज बुडवाचं नाही. बाग बी बुडवाची नाही."
वकिलांनी अर्जातली तारीख खोडली आणि 'चार आठवडे' लिहिलं.

१६ जानेवारी
कर्जवसुली न्यायाधिकरण. बँकेचे वकील म्हणाले, पाहणी उद्याच करा. मेश्रामांनी चार आठवडे मागितले. पीठासीन अधिकाऱ्यांनी चष्मा पुसत विचारलं, "झाडांची तारीख कोणती?" फेब्रुवारीचा दुसरा आठवडा, ताई म्हणाली. तीच दिली. तोवर लिलाव थांबला.
संध्याकाळी ताईनं पाणी सोडलं. मी विचारलं, नाही फुललं तर?
"तं फाटकाची किल्ली मीच नेऊन देईन बँकेले."

३ फेब्रुवारी
फूल नाही. ताई फोन उचलत नाही.

८ फेब्रुवारी
पहाटे ताईचा फोन. नमस्कार नाही, चमत्कार नाही. "वास येऊन राहिला काय तुले?"
प्रताप नगरात, तिसऱ्या मजल्यावर, फोनला नाक लावून मी हो म्हटलं.

१३ फेब्रुवारी
फेरपाहणीला तोच धर्मेंद्र आला. चाळिशीचा, बूट चकचकीत. आजवर बुटीबोरीच्या कारखान्यांची कर्जं पाहिलेला. पांढऱ्या फुलांखाली उभा राहिला, भोवती मधमाश्या. माझ्या रविवारच्या सदरासाठी मी मनात वाक्यांना धार लावून ठेवत होते.
ताईनं विचारलं, "साहेब, मेलं हाये का हे झाड?"
"मॅडम, हमने तो मशीन ही देखी है. बंद मतलब बंद."
ताईनं त्याला पाणी दिलं. रात्री मी लेख पूर्ण केला. जहाल झाला आहे.

२० फेब्रुवारी
न्यायाधिकरणात बँकेचे वकील म्हणाले, बाग नोटिशीनंतर जगवली. मागून धर्मेंद्र उठला. कुणी विचारलं नव्हतं. अडखळत, मराठीत म्हणाला, "नाही सर. डिसेंबरातही जिवंत होती. मला कळलं नाही."
नोटीस रद्द. ताई तिथंच हप्त्यांचं बोलायला लागली.
बाहेर धर्मेंद्रचे साहेब त्याच्याकडे न पाहता गाडीत बसून गेले. तो टपरीवर एकटाच चहा घेत होता. लेख पाठवणार नाही. टपरीवाल्याला धर्मेंद्रच्या चहाचे पैसे दिले, आणि धर्मेंद्रनं वळून पाहायच्या आत निघाले.