मिशी वाढवायला घेतलेली रजा

तात्या, तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली की तुमचा चेहरा आठवायला गेलं तर आधी नाटकातली सासूच समोर येते. कंपनीत तुम्ही कधी नायिका झाला नाहीत. तुमच्या वाट्याला कायम कजाग सासू, नाहीतर पोर गमावलेली म्हातारी. बारामतीला कंपनीचा तंबू लागला की आई मला घेऊन यायची. बायका तुम्हाला खऱ्याखुऱ्या शिव्या घालायच्या आणि खेळ संपल्यावर तुम्ही लुगड्यातच मला मांडीवर घेऊन त्या शिव्या हसत हसत मोजायचात. तोंडाला रंगाचा वास. मला तो आवडायचा, हे तुम्हाला कधी सांगितलं नाही.

तंबूत भेटायचं, कारण घर तुम्हाला बंद होतं. बाप जिवंत असताना लेकानं मिशी काढायची नाही, ही आपली रीत, आणि तुम्ही तर सासूसाठी वरचा ओठ गुळगुळीत केलेला. इंदापूरच्या बाजारात कुणा सोयऱ्यानं तुम्हाला तसं पाहिलं, आबा गेले असं समजला आणि रडत लासुर्ण्याला आपल्या घरी आला. आबा अंगणात दोर वळत बसलेले. त्यांनी त्याला पाणी दिलं आणि आईला बोलावून म्हणाले, "मी जिता हाय आन् पोरानं माझं सुतक धरलंय. मिशी येईस्तवर त्यानं ह्यो उंबरा वलांडायचा न्हाय." आपल्या घरात आबांचा शब्द म्हणजे दगडावरची रेघ.

पुढं बोलपट आले. बायकांची कामं बायकाच करू लागल्या, तुमचं लुगडं पेटीत गेलं आणि तुम्ही पुण्याला सिनेमात कामं करायला गेलात. पहारेकरी, टपालवाला, गावचा म्हातारा. मिशी हवी असेल तिथं डिंकानं चिकटवायची, नको असेल तिथं काढायची, म्हणून खरी कधी वाढलीच नाही. बारामतीला चित्र आलं की मी डोळे ताणून बसायची. तुम्ही कंदील घेऊन यायचात, "सरकार आले" म्हणायचात आणि जायचात. शाळेत मात्र मी सासूची पोरच राहिले. "तुझा बाप हाय का आई?" असं एका पोरीनं सगळ्यांदेखत विचारलं, त्याच दिवशी तुमचं कार्ड आलं.

घरात वाचता मला एकटीलाच येत होतं. तुम्ही लिहिलं होतं, पहिल्यापासून शेवटपर्यंत असलेलं भटजींचं काम मिळालं होतं, पण त्याला सफाचट तोंड लागतं म्हणून सोडलं. दोन महिने रजा घेऊन मिशी वाढवतोय, आता बरीच आलीय, आबांना सांग, पाडव्याला येतो. आबा खाटेवर पडून होते. त्यांनी विचारलं, "काय लिवलंय?"

"खुशाल हायत म्हणं."

"आन् मिशीचं?"

"काय न्हाय लिवलं."

आबांनी भिंतीकडं तोंड केलं. मला वाटलं होतं, एकदा तरी तुमची फजिती व्हावी. चार दिवसांनी सांगू, असंही मनात होतं. ते चार दिवस आबांना मिळाले नाहीत.

आबा गेल्याची तार मिळून तुम्ही आलात ते दोन बोटं मिशी घेऊन, तेल लावून नीट बसवलेली. कालव्याच्या कडेला न्हावी वस्तरा घेऊन तयार. तुम्ही त्याला हातानं थांबवलंत, तिरडीपाशी बसलात आणि आबांच्या तोंडाजवळ तोंड नेऊन तसेच राहिलात. मग उठून न्हाव्यापुढं बसलात. भटजींचं ते काम दुसऱ्याला गेलं, त्याचं नाव झालं. तुम्ही शेवटपर्यंत कंदीलच धरलात.

परत जाताना तुम्ही मला एवढंच विचारलंत, "कार्ड ऐकून आबा काय म्हणलं?" मी म्हटलं, "हसलं." तुमचे डोळे भरले, माझ्या डोक्यावर हात ठेवलात. पुढं पुण्यात कुणी भेटलं की तुम्ही सांगायचात, आमचे आबा जाताना हसून गेले. माझ्या लग्नातही व्याह्यांना सांगितलंत. मी अक्षता हातात धरून ऐकत होते.

ते कार्ड अजून माझ्या ट्रंकेत आहे. हे पत्रही त्याच्याखालीच ठेवीन. तात्या, आबा हसले नव्हते. मी त्यांना ते वाचूनच दाखवलं नव्हतं.