पायांवरची अंघोळ

मयूर विहार, दिल्ली
१६ नोव्हेंबर २०२५

चि. सौ. क्षिप्रास,

अनेक आशीर्वाद. पोटातल्या मंडळींना वेगळे.

इकडे आम्ही दोघं ठीक आहोत. ठीक म्हणजे दिल्लीत या दिवसांत जेवढं ठीक राहता येतं तेवढं. सकाळी खिडकी उघडली की जळका वास येतो, समोरची बिल्डिंग दिसत नाही, आणि तुझे बाबा तरीही मफलर गुंडाळून फिरायला जातात. मी म्हटलं, घरातच फेऱ्या मारा. तर म्हणतात, अख्खी नोकरी याच हवेत काढली, आता काय नवीन व्हायचंय. परत आले की सोफ्यावर बसून खोकतात आणि खोकला चहात साखर जास्त पडल्यामुळे आला असं मलाच ऐकवतात.

तुझ्या पायांना सूज आहे म्हणालीस. झोपताना पायांखाली उशी घे, लोणचं-पापड बंद कर, आणि ऑफिसात पाय लोंबकळत ठेवून बसू नकोस. डिंकाचे लाडू करायला घेतलेत. डिंक करोल बागेतल्या त्या जुन्या किराणावाल्याकडून आणला. खारकांची पूड करताना मिक्सरने मान टाकली, म्हणून उरलेल्या खलबत्त्यात कुटल्या. खालच्या मजल्यावरून विचारणा आली, "आंटी, घर में काम चल रहा है क्या?" बाबांनी सांगितलं, "बिल्कुल, नानी बन रही हैं." पहिलं बाळंतपण माहेरी व्हायचं, पण या हवेत बाळंतिणीला कोण आणतं. नाशिकला आहेस ते बरंच आहे. हेरंबरावांना आशीर्वाद आणि तुझ्या सासूबाईंना, अहिल्याताईंना, माझा नमस्कार सांग.

पत्र का लिहितेय असं तुला वाटेल. माझा मोबाईल मी त्या केसच्या वर्षीच बंद केला, आणि बाबांच्या फोनवर बोलायचं तर ते शेजारी बसून माझ्या प्रत्येक वाक्याला मान डोलावतात. शिवाय फोनवर मला टाळता फार चटकन येतं. परवा तू विचारलंस, "आई, बाळाला अंघोळ घालायला तू येणार ना?" तेव्हा कुकरची शिट्टी झाली म्हणून मी फोन बाबांकडे दिला. कुकर लावलेलाच नव्हता.

त्यावर येते. आधी सिनेमाचं सांगते, कारण तू काही तो बघणार नाहीस.

सिनेमा आपल्यावर आहे, पण त्यात आपण नाही. सिनेमातले आपण करोल बागेत राहतो, कारण तिथल्या गल्ल्या पडद्यावर छान दिसतात. तुझ्या बाबांना भरघोस मिशा आहेत. ते बघताना यांनी अंधारात दोनदा ओठावरून हात फिरवला. आणि तू नाहीसच. त्या जोडप्याला मूलबाळ नाही. दिग्दर्शिका रुचिता मला म्हणाली होती, "आंटी, अकेलापन ज़्यादा दिखता है." मी म्हटलं, चला, माझी मुलगी तरी यातून सुटली.

बाकी गोष्ट मात्र तीच. शेजारच्या निधीला मुलगा होतो, तिची आई बरेलीला अंथरुणाला खिळलेली, म्हणून शेजारीण म्हणते, सव्वा महिना बाळाची अंघोळ माझ्याकडे. पडद्यावर ती हे म्हणाली तेव्हा मला लक्ष्मीबाई नगरचं आपलं क्वार्टर आठवलं. बंगाली, तमिळ, ओडिया, कुणाकुणाची पोरं तिथे माझ्या पायांवर न्हाऊन निघाली, आणि त्यांच्या आया आधी घाबरायच्या व मग रांग लावायच्या. निधीपण पहिल्या दिवशी घाबरली होती. त्यांच्याकडे पाय पसरून, बाळाला नडग्यांवर पालथं घालून अंघोळ घालत नाहीत. बाळाचे हात छातीवर आडवे नेणं, गुडघे पोटाशी लावणं, नाक चिमटीत धरून वर काढणं, कानात फुंकर, हे सगळं तिला नवीन होतं. मग तिचा अंशुमन धुरी घेऊन दुपारपर्यंत झोपायला लागला तशी ती वेताचा मोढा घेऊन समोर बसायला लागली. त्यातलीच एक अंघोळ तिने मोबाईलवर घेतली आणि कौतुकाने आईला पाठवली.

पुढचं तुला पाठ आहे. अंशुमन दूध घेईना, त्याला आकडी आली, डोक्यात रक्तस्राव झालेला निघाला आणि अंगावर निळे डाग. त्याचं रक्त जन्मापासूनच नीट गोठत नाही, हे कळायला फार दिवस गेले. तोवर ती क्लिप त्यांच्या नातेवाइकांच्या ग्रुपमधून कुणीतरी एका चॅनलला दिली होती, आणि चॅनलने आवाज काढून टाकून ती दिवसभर फिरवली. आवाजाशिवाय ती अंघोळ माझी मलाच ओळखू आली नाही. एक बाई तान्ह्या बाळाचे हात पिळतेय, नाक दाबतेय, आणि बाळ तोंड वासून आहे. खाली लाल पट्टी, "पड़ोसन या जल्लाद?" सिनेमात ही पट्टी हुबेहूब तशीच आहे. रंगसुद्धा तोच.

अटक, गेटवरचे कॅमेरे, तुरुंग, सगळं नीट घेतलंय. ती नटी माझ्यापेक्षा बारीक आहे आणि माझ्यापेक्षा जास्त रडते.

शेवटी कोर्ट. आपल्या वेळी निधी स्वतःहून जुना फोन घेऊन आली होती, आठवतं? जज्जसाहेबांनी क्लिप आवाजासकट लावायला सांगितली, आणि भरल्या कोर्टात माझा आवाज आला. "झालं, झालं रे राजा, आमची क्षिप्रापण अशीच बोंब मारायची, बघ कशी इंजिनिअर झाली." मागे निधीचं हसू. सिनेमात हीच जागा सगळ्यात मोठी केलीय. पण तू सिनेमात नाहीस म्हटल्यावर ते वाक्य कुठून ठेवणार? त्यांनी तिथे व्हायोलिन घातलंय. त्या बाईचे ओठ हलतात आणि व्हायोलिन वाजतं. टीव्हीवाल्यांनी माझा आवाज काढून टाकला होता, सिनेमावाल्यांनी तो झाकला. मला हसू आलं, तर पलीकडच्या बाईला वाटलं मी रडतेय, तिने नॅपकिन पुढे केला.

ती अंघोळ नटीला मीच शिकवली, हे तुला सांगितलं नव्हतं. ती रबराची बाहुली घेऊन घरी आली होती. मुलगी गुणी, हॉलमध्ये चटईवर पाय पसरून बसली आणि मी सांगेन तसं करत गेली. मी खुर्चीवरून सांगत होते. ती म्हणाली, "आंटी, एक बार आप करके दिखाइए ना." मी म्हटलं, माझे गुडघे दुखतात.

गुडघे माझे दुखत नाहीत, क्षिप्रा.

काल इथे पेन ठेवलं होतं. आज बाबा बँकेत गेलेत, घरात कुणी नाही, तेवढ्यात उरलेलं लिहिते.

ती बाहुलीसुद्धा मला पायांवर घेता आली नाही. एकदा नटी फोनवर बोलायला गॅलरीत गेली तेव्हा उचलून पाहिली. हात कोपरापासून असे गार पडले की मी ती लगेच खाली ठेवली आणि पदराला हात पुसले. सुटून आल्यापासून मी एकही मूल उचललेलं नाही. लिफ्टमध्ये कुणी बाबागाडी घेऊन आलं की मी काहीतरी विसरल्यासारखं करून बाहेर पडते आणि जिन्याने जाते. बाबांना वाटतं डॉक्टरांनी व्यायाम सांगितलाय. बिचाऱ्यांनी माझ्यासाठी जिना चढायचे बूट आणले.

आता सिनेमाच्या दिवशीचं सांगते, म्हणजे मी तुझ्या प्रश्नावर गप्प का आहे ते कळेल. शो संपल्यावर रुचिताने मला उभं केलं. सगळं थिएटर उभं राहून टाळ्या वाजवत होतं. बायका रडत होत्या, मुली गळ्यात पडत होत्या. एका म्हाताऱ्या सरदारजींनी हात जोडून सांगितलं, "बहनजी, हमें माफ़ करना, हमने भी टीवी देखके गालियाँ दी थीं." मला खरंच बरं वाटलं. वाटलं, चला, संपलं एकदाचं. मग एक तरुण मुलगी पुढे आली, कडेवर तिचं वर्षाचं बाळ. ती वाकली, माझ्या पायांना हात लावला, डोळे पाण्याने भरलेले. मी आशीर्वाद द्यायला हात वर केला, आणि तिने बाळ या कडेवरून त्या कडेवर घेतलं.

तिच्या मनात काही नव्हतं. तिला कळलंसुद्धा नाही. ती माझ्याकडे बघून तशीच प्रेमाने हसत होती. तिच्या हाताने ते आपलं आपण केलं. मी तिच्या डोक्यावर हात ठेवला, बाळाच्या नाही, आणि म्हटलं, सुखी राहा.

घरी येताना टॅक्सीत बाबा खूश होते. म्हणाले, "विजया, आता सगळ्या जगाला कळलं." मी हो म्हटलं.

जगाचं जाऊ दे. मला भीती तुझ्या हाताची वाटते. मी नाशिकला येईन, पाट मांडीन, पाय पसरून बसेन, आणि तू बाळ देताना क्षणभर थांबशील. किंवा देशील, आणि सहज म्हणून दारात उभी राहशील. बाळ जरा जोरात रडलं की एक पाऊल पुढे टाकशील. तू मुद्दाम नाही करणार, पण ते माझ्या नजरेतून सुटणार नाही. आणि त्यानंतर मला जे वाटेल त्याला कुठलं कोर्ट नाही.

असं का वाटतं तेही लिहून टाकते. सहा वर्षं आपण दोघी एका प्रश्नाच्या कडेकडेने चालतोय. क्लिप टीव्हीवर आली त्या दिवशी तू बंगलोरहून फोन केलास. पोलीस अजून यायचे होते. तू विचारलंस, "आई, खरं सांग, चुकून जोरात दाबलं गेलं नसेल ना?" मी म्हटलं, नाही गं. तू म्हणालीस, बरं. एवढंच. दुसऱ्या दिवशी तू विमानाने आलीस आणि नोकरी सोडून माझ्यासाठी वकिलांचे जिने चढलीस. बाबा खचले होते, त्यांना जेवायला घालून, तुरुंगाच्या रांगेत उभी राहून मला भेटलीस. तू नसतीस तर मी आज हे पत्र लिहायला नसते. तो प्रश्न पुन्हा कधी आला नाही. पण तो गेलाही नाही. तू या घरी येतेस तेव्हा त्या क्लिपचं नाव काढत नाहीस, आणि मी तुझं लहानपण सांगायला लागले, तुझ्या अंघोळी सांगायला लागले, की तू उठून चहा टाकतेस.

तुझा राग नाही. शपथेवर सांगते, कधीच नव्हता. टीव्हीवर जे दिसत होतं ते बघून कुणीही विचारलं असतं. मी स्वतःला विचारलं होतं. तुरुंगात स्वतःच्या मांडीवर हात दाबून बघायचे, एवढं दाबलं होतं का, की एवढं. डॉक्टरांनी सांगितलं, कोर्टाने लिहून दिलं, निधी पाया पडून गेली, अंशुमन आता शाळेत जातो आणि दिवाळीला त्याचा फोटो येतो. माझ्या मनाला सगळं कळलंय. हातांना अजून कळलेलं नाही, आणि ते त्यांना सिनेमा दाखवून कळणार नाही.

म्हणून ठरवलंय, मी येते. पण एक मागणं आहे, आणि ते मी आयुष्यात तुझ्याकडे मागितलेलं सगळ्यात मोठं आहे.

पहिल्या अंघोळीच्या दिवशी पाणी काढून ठेव. तेल कोमट कर, बाळ तुझ्या हाताने माझ्या पायांवर ठेव, आणि बाहेर जा. अहिल्याताईंनाही ने. दार मी लोटून घेईन, कडी लावणार नाही. बाळ रडेल. सगळीच रडतात, तू तर लक्ष्मीबाई नगर डोक्यावर घ्यायचीस. ते रडायला लागलं की तू दाराशी येऊ नकोस. "आई, झालं का?" म्हणून विचारू नकोस. हाक मारू नकोस. मी दार उघडेन तेव्हा ये, बाळ न्हाऊन दुपट्यात गुंडाळलेलं असेल, ते घे आणि पाज.

हे तुला जमेल का, याचा नीट विचार कर. ओल्या बाळंतिणीला आपलं बाळ दारापलीकडे रडत असताना जागेवर बसणं किती कठीण, ते मला ठाऊक आहे. मी तुझी आईच आहे. जमणार नसेल तर तसं स्पष्ट लिही. मी रागावणार नाही, रडेन थोडी, मग लाडवांचे डबे बाबांबरोबर पाठवीन, आणि तिथे अंघोळीला एखादी चांगली बाई बघा. नातवंड मला लांबूनही आवडेल.

फक्त फोनवर सांगू नकोस. फोनवर तू लगेच हो म्हणशील.

तुझी आई,
आणि तू म्हणशील तर त्याची किंवा तिची आजी,
विजया