चार रुपयांची चोवीस वर्षे

फाल्गुन शु. ५, शके १८०८

पहाटे परवच्याच्या आवाजाने जाग आली. घरात कोणी म्हणत नव्हते. साठ वर्षांमागचा आवाज. पंतोजींची पडवी, दिवेलागण, चाळीस पोरे एका सुरात पावकी, निमकी, सवायकी म्हणताहेत. अण्णाजी सगळ्यांच्या पुढे, मी सगळ्यांच्या मागे. त्याचे कान अंकांकडे, माझे चालीकडे. पंतोजी म्हणत, माधवा, तुला सवायकी येत नाही, पण ती चुकतोस मात्र गोड.

डोळे मिटून पडून राहिलो. वेणूने, लेकीने, दोनदा हाक मारली.

दुपारी अण्णाजीचा गुमास्ता आला. घराच्या गहाणखताची सहा वर्षांची मुदत भरत आली. अक्षय्य तृतीयेला कागद बदलायचा, म्हणाला. बरे वाटले. म्हणजे पुन्हा शाल.

फाल्गुन शु. ९

दिवसभर तीच आठवण. चौथा कागद होईल हा. पहिला मूळचा सोडून.

अण्णाजी हे काम पेढीवर उरकत नाही. त्याच्या दिवाणखान्यात गालिचा अंथरतात. दोन्ही बाजूंना आपली जुनी मंडळी, ज्यांचे बाप तंजावरास वाड्यात चाकरीला होते. अत्तरगुलाब, विडे. मग गुमास्ता उभा राहून खत वाचतो. ‘सदरहू घर, मागील विहीर, दोन माड, येते वारे व पडते ऊन यांसह...’ काय भाषा! हे वाक्य मीच घातलेले, पहिल्या कागदात. अण्णाजी तेव्हा हसला होता, म्हणाला, ऊनसुद्धा गहाण ठेवतोस काय रे.

वाचून झाले की माझी सही, आणि अण्णाजी उठून माझ्या खांद्यावर शाल घालतो.

बाबांना महाराजांच्या हातून शाल मिळाली होती. मी वाड्याच्या लेखनशाळेत सोळा वर्षे नकला केल्या, आणि माझी पाळी येण्याआधी कंपनी सरकारने राज्यच... असो. पेन्शन बारा रु. नियमाने येते.

फाल्गुन व. २

वेणू माजघरात रेशीम उलगडत बसली होती. तिरुभुवनमचे विणकर लडी आणून देतात, ती रहाटावर गुंडाळून देते. मान वर न करता म्हणाली, “अप्पा, अण्णाजीकाकांना दरमहा किती देता?”

“चार.”

“आणि व्याज किती?”

“शेकडा एक रुपया महिना. पाचशेवर पाच. म्हणजे तेव्हा पाच. एक रुपया राहतो मागे. राहीना. पैसा दुपटीवर जात नाही. दामदुप्पट. पणजोबांपासूनचा नेम आहे आपल्यात, सावकाराला मुदलाच्या दुपटीहून जास्त मागता येत नाही.”

रहाट थांबला. “मला कागद दाखवा सगळे.”

बायकांनी गहाणखते वाचावी असा आपल्यात रिवाज नाही. पण तिच्याशी वाद कोण घालील. तिण्णैवर, दारापुढच्या ओट्यावर, मी पोरांना शिकवी तेव्हा ही दाराआड बसून सगळे पाढे शिकली. मला कळले ते फार उशिरा, ती सासरी जायच्या आदल्या दिवशी.

पेटी उघडून दिली. कागद शालींत गुंडाळलेले. एका शालीला कसर लागली आहे.

फाल्गुन व. ४

स्वयंपाकघराची अर्धी जमीन चिंचोक्यांनी भरली. एक चिंचोका म्हणजे दहा रु. वेणूने चार ओळी मांडल्या. मी दारात उभा. दुरून मला ती रांगोळीच वाटली. पहिली ओळ आखूड, दुसरी जरा लांब, तिसरी आणखी, चौथी थेट चुलीपर्यंत. म्हणालो, “छान दिसते.”

“अप्पा, बसा इथे.”

बसलो. तिने सांगितले तसे लिहितो, विसरेन म्हणून.

पहिला कागद पाचशेचा. महिन्याला एक रु. कमी पडला, सहा वर्षांत बहात्तर झाले. कागद बदलताना ते मुदलात घातले, वर खर्च अठ्ठावीस. झाले सहाशे. आता व्याज सहा, मी देतो चारच. कमी पडतात दोन. खर्च धरून पुढचा कागद सातशे पंचाहत्तर. त्याच्या पुढचा एक हजार पंचाहत्तर. आज देणे एक हजार पाचशे एकसष्ट.

“आणि चोवीस वर्षांत तुम्ही दिलेत अकराशे बावन्न,” वेणू म्हणाली. “ते कुठल्याच ओळीत नाहीत. त्यांचा एक चिंचोका नाही.”

दुपटीची रेघ मी मागच्याच खेपेला ओलांडली होती. खांद्यावर शाल होती तेव्हा.

“खर्च अठ्ठावीस कसला?” मी विचारले.

तिने कागदावर बोट ठेवले. ‘सरकारी मुद्रा, लेखनावळ व सन्मानखर्च.’

सन्मानखर्च, म्हणजे माझीच शाल. हा शब्द मी तीन वेळा कानांनी ऐकला आहे. भर सभेत. फार भारदस्त वाटला होता.

फाल्गुन व. ११

जेवण जात नाही. संध्याकाळी कावेरीवर जाऊन बसलो. नदीत पाणी थोडे, वाळू पुष्कळ. पंतोजींनी स्वतः रचलेली एक ओवी तोंडात आली. ते वाळूवर बोटाने लिहून घेत.

गळे घागर थेंबाने, नेणे कोणी वाटेवरी;
रिती पोचे माजघरी, बोल विहिरीच्या शिरी.

हजार वेळा म्हटली असेन. आठ-आठ अक्षरे नीट पडतात म्हणून मुलांनाही शिकवली. आज म्हणता म्हणता मध्येच थांबलो.

चैत्र शु. १, शके १८०९

व्यय संवत्सर संपले, सर्वजित् लागले. कडुलिंब खाल्ला. वेणू म्हणाली, यंदा गूळ कमी घातला आहे, सवय करा.

वकिलाकडे गेलो. बाप माझ्या हाताखाली शिकला, म्हणून पोरगा फी घेत नाही. दामदुप्पट सांगितली. तो हसला नाही, हे त्याचे मोठेपण.

“सार, तो नेम मुंबई इलाख्यात चालतो. तिकडच्या कोर्टात. आपण मद्रास इलाख्यात आहोत. इथे कागदावर जे लिहिलं ते.”

“पण आम्ही मराठे आहोत.”

“घर इथे आहे ना, सार.”

दोनशे वर्षे झाली आमच्या लोकांना इथे येऊन. भाषा आणली, पोळ्या आणल्या, देव आणले. हा नेमही आणला आहे असे मी समजून होतो. चोवीस वर्षे त्याच्यावर डोके ठेवून झोपलो.

वेणूला सांगितले. ती म्हणाली, “अक्षय्य तृतीयेला कर्ज काढलंत, अप्पा. त्या दिवशी आणलेलं सरत नाही म्हणतात.” मग दोघेही हसलो. बऱ्याच दिवसांनी.

चैत्र शु. ६

आज हिशेबाचा शेवटचा भाग. मीच विचारला. न विचारले असते तर बरे होते.

विचारले, चारऐवजी मी पाच दिले असते तर?

“तर पाचशेचे पाचशेच राहिले असते. चोवीस वर्षे, आणि पुढची चोवीस.”

“आणि सहा?”

ती बराच वेळ बोटांनी मोजत होती. ओठ हलत होते. “सहा दिले असते तर दर महिन्याला मुदलातला एक रुपया फिटता, मग व्याज कमी, मग थोडा जास्त फिटता. पंधरा वर्षांत घर मोकळं. नऊ वर्षांपूर्वी.”

दोन रुपये. चार आणि सहा यांच्यामध्ये.

दरमहा दोन रु. मी नकलनविसाला देत आलो. वाड्याच्या ग्रंथालयातल्या जुन्या कवितांच्या नकला. तीन पेट्या भरल्या आहेत. वेणूला हे ठाऊक आहे. ती चिंचोके टोपलीत भरू लागली.

भरता भरता एवढेच म्हणाली, “माझ्या लग्नाचं कर्ज हे. ज्यांच्याशी लागलं ते जाऊन अठरा वर्षं झाली. लग्न अजून फिटायचंच आहे.”

चैत्र व. ३

वेणूने तोड काढली. नवा कागद करायचा नाही. पुढचे अर्धे घर, म्हणजे तिण्णै, दिवाणखाना, रस्त्याकडची माडी, अण्णाजीला कायमचे लिहून द्यायचे. मागचे अर्धे विहिरीसह मोकळे. जुने कागद फाडायचे. कॉलेजातल्या मुलांना जागा हवी असते, अण्णाजीला भाडे चांगले येईल.

“दिवाणखान्यात तुझ्या आईचा...” म्हणालो.

“आई नाहीये तिथे, अप्पा. भिंत आहे.”

पत्र मी लिहिले. तिने दोन ओळी खोडायला लावल्या. त्या चांगल्या होत्या.

चैत्र व. ८

घाटावर अण्णाजी भेटला. स्नान करून कपाळाला गंध लावीत होता. पत्र हातात दिले. त्याने तिथेच वाचले. पाणी टपकत होते कागदावर.

“हे तुझं अक्षर, पण डोकं तुझं नव्हे.”

“वेणूचं.”

“माधवा, मी कधी कागद खोटा वाचायला लावला का रे?”

“नाही.”

“दर खेपेला विचारलं, समजलं ना? तू काय म्हणालास? म्हणालास, गुमास्ता वाचतो छान, ‘येते वारे’पाशी जरा थांबायला सांग.”

खरे आहे. तसेच म्हणालो होतो.

“शाळेत माझी सवायकी तू लिहून घ्यायचास,” तो म्हणाला, “आणि तुझी कविता मी. दोघांनीही मार चुकवला. मला वाटलं, तसंच चाललंय आपलं.” पत्र घडी करून कमरेला खोचले. “अर्ध्या घराचं मी काय करू? भिंत घालू मधे? तिजेला ये. शाल आणून ठेवली आहे. तिरुभुवनमची, जरीची.”

“आणि नाही आलो तर?”

तो पंचा पिळू लागला. “तर मुदत भरली. मग कागद कोर्टात जातो. माझा मुलगा सांभाळतो आता सगळं. तो तुझ्या वर्गात नव्हता.”

वैशाख शु. २

उद्या.

खरे लिहायचे तर मन जावे म्हणते. शाल म्हणून नव्हे. म्हणजे शाल म्हणूनसुद्धा. त्या गालिच्यावर बसलो की वय गळून पडते. नाव पूर्ण उच्चारतात, बापाच्या नावासकट. दुसरीकडे कुठे उच्चारतात? पेन्शनीच्या कचेरीत मी नंबर आहे.

वेणूला बोललो. तिने ओरडायला हवे होते. शांतपणे म्हणाली, “सही कराल तर सोळाशे होतील. चारच देत राहाल, कारण बारांतून अधिक येणार कुठून. सहा वर्षांनी चोवीसशे आणि वर. घराचे आज कोणी दोन हजारही देणार नाही. तुम्ही तेव्हा बहात्तर गाठाल का, देव जाणे. मी चाळीस. माझ्या हातात रहाट, आणि रस्ता.”

थोड्या वेळाने, “जाणार असाल तर धोतर धुऊन ठेवलं आहे.”

हे तिने मुद्दाम म्हटले की मनापासून, ठरवता येत नाही.

वैशाख शु. ३

गेलो नाही.

सकाळी धोतर नेसलो, पागोटे बांधले, तिण्णैवर बसलो. नऊ वाजले असावेत, रस्त्याने आपली मंडळी अण्णाजीकडे जाताना दिसली. एकाने हात केला, चला. मी म्हटले, तुम्ही व्हा पुढे. पागोटे सोडून मांडीवर घेतले.

दहाच्या सुमारास सगळे परतले. माझ्याकडे कोणी पाहिले नाही. विडे मात्र मिळालेले दिसले, ओठ लाल.

आता गुमास्ता येणार नोटीस घेऊन, किंवा अण्णाजीचा मुलगा. वेणूने बसायला पाट मांडून ठेवला. म्हणाली, कोणी का असेना, उन्हातून येणार.

गाडी वाजली. पडद्याची बैलगाडी, दोन्ही बाजूंना चटया सोडलेल्या. दाराशी थांबली. गुमास्ता नाही, मुलगा नाही. चटई जरा सरली, आणि आतून म्हाताऱ्या बाईचा आवाज, “वेणू आहे का गं घरात?”

अण्णाजीची बायको. तिचा गोषा कडक, जुन्या घराण्यातला. पन्नास वर्षांच्या ओळखीत मी तिचा चेहरा पाहिलेला नाही, आवाजही दोनचारदा, पडद्यामागून. देवळाखेरीज ती कुठे जात नाही. आज सोबत मोलकरीणसुद्धा नव्हती.

वेणू धावली. पुन्हा तोच आवाज, “आधी तुझ्या बापाला मागे पाठव. मला तुझ्याशी बोलायचं आहे. तिकडे घरात कुणाला माहीत नाही मी आले ते.”

मी उठलो. माजघरातून, स्वयंपाकघरातून, मागच्या अंगणात. पाठीमागे जोडव्यांचा आवाज, आणि पाटावर काहीतरी जड ठेवल्याचा. कापडात गुंडाळलेले असावे. वळून पाहणे बरे नव्हते.

विहिरीच्या काठावर बसून हे लिहितो आहे. आत दार लावून घेतले आहे. मध्ये एकदा वेणूचा आवाज चढला, मग दोघींचाही ऐकू येईना. अण्णाजीच्या बायकोने निरोप आणला की ताकीद, की आणखी काही, कळायला मार्ग नाही. गाडी बाजूच्या गल्लीत आणून लावली आहे, कुंपणाच्या फटीतून दिसते. इतका वेळ गाडीवान बैलांचे कासरे हातात धरून उभा होता, आता निघायचे म्हणून.

आत्ता गल्लीकडचे दार किलकिले झाले, कोणीतरी त्याला काही सांगितले.

तो जू उतरवून बैल सोडतो आहे.