दाजींना काय येतं?

तीर्थस्वरूप ताई,

तुला डाव्या हाताचा नमस्कार. उजवा सध्या नमस्काराच्या कामाचा नाही. त्याचा अंगठा एवढा जाडजूड गुंडाळला आहे की रस्त्यात ओळखीची माणसं आधी त्याची चौकशी करतात आणि जमलं तर मग माझी. माणसाला अंगठा कशासाठी दिला असेल, यावर मी सध्या गंभीर चिंतन करतो आहे आणि शर्टाच्या बटणांसाठी, या निष्कर्षाला आलो आहे. बाकीची सगळी बोटं शाबूत असून गळ्याखालचं बटण लागत नाही, याहून मोठी मानहानी नाही. राजांची राज्यं गेली तेव्हा त्यांनाही वाईट वाटलं असेल, पण त्यांना शर्ट घालून द्यायला निदान माणसं तरी होती. असो. हे पत्र मी बोलतो आहे आणि तुझी भावजय लिहिते आहे. (वन्सं, बोलतात ते सगळं लिहीत नाही. निम्मं गाळते आहे. बटण रोज मीच लावते.)

लेकीच्या बाळंतपणाला गेलीस, तुझा गुडघा कसा आहे? लेक आणि बाळ सुखरूप ना? बाळ रात्री कुणाला झोपू देत नाही असं ऐकलं, म्हणजे ते आजीवर गेलं आहे. इकडची काळजी नको. दाजी रात्री आमच्याकडेच जेवतात आणि भाजीला नावं ठेवत नाहीत, त्यावरून त्यांना तुझी आठवण येत असावी. फोन सोडून पत्र कशाला, असं तू म्हणशील. फोनवर तू मला दुसऱ्या वाक्यापर्यंत पोचू देत नाहीस आणि मला जे सांगायचं आहे ते बरंच पुढच्या वाक्यात आहे.

तर आपल्या काचेच्या कारखान्यातली रेघबाई तुला आठवत असेल. काचेवर अशी सरळ रेघ ओढते की पट्टीनेही मान खाली घालावी, म्हणून वडिलांनी तिला ते नाव दिलं. गेल्या महिन्यात ती सकाळी सकाळी माझ्या टेबलासमोर उभी राहिली, हातात घडी घातलेला एप्रन. म्हणाली, "मालक, समोरच्या काचवाल्यानं बोलावलंय. जाऊ का?" आपली निम्मी गिऱ्हाइकं तिच्या हातासाठी येतात. (सगळी.) मी विचारलं, काय कमी पडतंय? तर म्हणाली, "मला इतकी वर्षं झाली म्हणून जो पगार, तोच त्या कडा घासणाऱ्यालाही तितकीच वर्षं झाली म्हणून. मग मी कापायला शिकले कशाला? नुसती म्हातारी झाले असते तरी चाललं असतं की!" सबब मी बाणेदारपणे जाहीर केलं की यापुढे ज्याला जे येतं त्याचा पगार. (बाणेदारपणे नव्हे. घरी येऊन तांब्याभर पाणी प्यायले.)

भिंतीवर फळा लावला. त्यावर पाच कामं लिहिली: मोजणं, कापणं, कडा घासणं, भोक पाडणं आणि जागेवर बसवणं. सगळ्यांसमोर करून दाखवायचं. जितकी कामं जमतील तितकी पगारात भर, एकही नाही जमलं तर शिकाऊचा पगार. वर्षं किती, वय किती, नातं काय, यातलं काही विचारलं जाणार नाही. ते 'नातं काय' लिहिताना माझा अंगठा धड होता, पण डोकं कुठे होतं ते आठवत नाही.

मग सुरू झाला तमाशा. ज्याने उभ्या जन्मात टेम्पोच्या स्टिअरिंगखेरीज कशाला हात लावला नव्हता, तो आमचा ड्रायव्हर म्हणाला, मला मोजणं येतं, मी नजरेनं मोजतो. त्याने नजरेने खिडकी मोजली. तिच्या फटीतून आता मांजर ये-जा करतं. कडा घासणाऱ्याने भोक पाडायला घेतलं आणि अख्खी काच खळ्ळकन खाली आणून म्हणाला, भोक मोठं झालं एवढंच. लोक हसले, मीही हसलो. दाजी त्यांच्या नेहमीच्या दाराजवळच्या खुर्चीत बसून सगळ्यांत मोठ्याने हसले. आणि हसणं ओसरल्यावर रेघबाई फळ्याकडे बघत म्हणाली, "दाजींचा नंबर कधी?"

ताई, कडा घासणारा एकदम खालच्या काचा वेचायला लागला. दाजींना रेघबाईच्या खालोखाल पगार आहे, हे सगळ्यांना माहीत. तो का आहे, हेही माहीत. ते काय करतात, हे मात्र कुणी कुणाला कधी विचारलं नव्हतं. आलेल्या गिऱ्हाइकाला बसवतात, चहा मागवतात, घरच्यांची विचारपूस करतात, टेपचं एक टोक धरतात. मी घाईने खडू उचलला आणि 'गिऱ्हाइकांची बडदास्त' असं सहावं काम लिहायला लागलो. रेघबाईने आवाजही चढवला नाही. "मालक, हे काल नव्हतं." एवढंच म्हणाली आणि एप्रनची गाठ सोडायला लागली. सगळे माझ्याकडे बघत होते. लिहिलेलं पुसावं तर तू दिसत होतीस, ठेवावं तर समोरच्या दुकानाची पाटी.

दाजी उठले. घड्याळ काढून खिशात ठेवलं, बाह्या दुमडल्या आणि म्हणाले, "काच आणा." केशकर्तनालयासाठी आणलेला भलामोठा आरसा टेबलावर आडवा होता. काच कापायचा हिरा त्यांनी हातात घेतला, रेघबाई धरते अगदी तसा. रोज बघत आले आहेत ना! टोक काचेवर टेकवलं. मी मनात म्हणत होतो, दाजी, नका, आणि त्याच मनात म्हणत होतो, दाजी, जमवा एकदाचं. आरशात त्यांचा चेहरा दिसत होता. तो असा होता की मी नजर वळवली.

हिरा काही पुढे सरकला नाही. त्यांनी तो उचलून हलकेच बाजूला ठेवला. "रेघबाई, मला कापता येत नाही," ते म्हणाले. "मोजताही येत नाही. टेप मी धरतो, आकडा तुम्ही वाचता. फळ्यावर शिकाऊ लिहा."

कुणी हसलं नाही. हसले असते तर बरं झालं असतं. मला ते सहन झालं नाही. "द्या इकडे, मालक दाखवतो!" असं म्हणून मी हिरा उचलला, वडिलांचं स्मरण केलं आणि रेघ ओढली. आरसा गेला आणि अंगठाही. रेघबाईने फडकं घट्ट बांधता बांधता सुनावलं, "मालकांना पगार नसतो म्हणून वाचलात." मग एप्रन पुन्हा बांधला आणि कामाला लागली. ती गेली नाही, ताई. जाणार नाही.

दाजींना या महिन्यात शिकाऊचा पगार मिळाला. पाकीट त्यांनी न उघडता खिशात घातलं. मी तोंड चुकवून बाहेर उभा होतो, तर माझ्याच खांद्यावर थोपटून गेले. दुसऱ्या दिवशी कुलूप काढायला मी पोचण्याआधी ते पायरीवर बसलेले. रेघबाई शिकवते आहे. "दाजी, नाक लावू नका काचेला, डाग पडतात!" असं दिवसभर चालतं. आणि गंमत म्हणजे ते ऐकतात. तू इतकी वर्षं सांगत होतीस तेव्हा हे ऐकणं कुठे होतं कोण जाणे.

बाळाला आशीर्वाद. तू रागावली असशील तर राग गुडघ्यावर काढू नकोस.

तुझा अंगठेबहाद्दर
धाकटा

ता. क. खरं काम आत्ता सांगतो. रविवारी दाजी फोन करतील. तुला या महिन्यात पैसे कमी का पाठवले याचं काहीतरी कारण सांगतील. खोटं बोलण्यातही ते शिकाऊच आहेत, तेव्हा तू चटकन विश्वास ठेव. फळ्यावर नावापुढे पहिलं काम लागलं की स्वतः सांगणार आहेत. तोवर तुला कळता कामा नये, असं त्यांनी माझ्याकडून वचन घेतलं आहे. वचन बोलण्याबद्दल होतं. हे लिहिलं आहे, आणि तेही मी नाही. (मला का गोवता?)

आणखी एक ता. क. पाकीट बंद करणार एवढ्यात कोपऱ्यावरचा चहावाला घरी आला. म्हणाला, दाजींनी उद्यापासून गिऱ्हाइकांचा चहा बंद करायला सांगितलाय, परवडत नाही म्हणाले. मला वाटायचं तो चहा गल्ल्यातून जातो. (मला वाटायचं, हे देतात.) इतकी वर्षं तो दाजींच्या खिशातून जात होता. महिन्याची बाकी राहिली होती, ती मी चपला घालून त्याच्याबरोबर जाऊन देऊन आलो. त्याला म्हटलं, चहा चालू ठेव, यापुढे पैसे गल्ल्यातून, आणि दाजींनी विचारलं तर हिशेब आधीच मिटला होता एवढंच सांग.