तुझ्या आईच्या तोंडची चव

प्रिय मोना,

फोन केला असता, पण फोनवर हे माझ्याच्यानं होणार नाही. माझा आवाज ऐकला की तू रडतेस, तू रडलीस की मी गप्प होतो, आणि मग 'जेवलीस का', 'जेवलात का' एवढं विचारून आपण दोघं फोन ठेवून देतो. म्हणून कागदावर लिहितोय. जळगावला दवाखान्यासमोर रसवंती आहे, तिच्या बाकावर बसलोय. वर ताडपत्री आहे तरी ऊन खालून भाजतंय. आत तुझ्या आईपाशी शेजारची नसीम भाभी बसली आहे. तीन दिवसांपासून ती इथेच आहे, मी म्हटलं तरी घरी जात नाही. लिहून झालं की पानांचे फोटो काढून तुला पाठवीन. अक्षर लागलं नाही तर राग मानू नकोस, मोटरी दुरुस्त करणाऱ्याचं अक्षर आहे.

सप्टेंबरात तू आलीस तेव्हा आईचं काय झालं होतं ते तू पाहिलंसच. उजवं अंग गेलं, वाचा गेली, आणि सगळ्यात वाईट म्हणजे गिळणं गेलं. तू परत जपानला गेलीस त्यानंतरचे दिवस मी तुला नीट सांगितले नव्हते. डॉक्टरांनी बजावलं होतं, पाणीसुद्धा घट्ट करून द्या, पातळ काही गेलं तर ते फुप्फुसात उतरेल. मी वरण-भात मिक्सरमधून काढायचो. ती पहिला चमचा तोंडात घ्यायची आणि माझ्याकडे बघत सगळं हनुवटीवर सोडून द्यायची. जिच्या हातच्या भरितानं पाहुण्यांचे कान लाल व्हायचे, तिला मी वाटीभर पांढरा चिखल भरवत होतो. मी रागवायचो, मग हात जोडायचो. तिच्या अंगावरचं पोलकं सैल होत चाललं होतं. नसीम भाभी तिला कूस बदलून द्यायला यायची, ती एकदा म्हणाली, "भाऊ, इनको भूख है, लेकिन ये नहीं खाएँगी. हे जेवण नाही, औषध वाटतं त्यांना."

हे मी तुला सांगितलं तेव्हा तू तुझ्या त्या वृद्धाश्रमातल्या सुझुकी आजींची गोष्ट सांगितलीस. त्यांनाही असंच गिळता येत नाही, पण शिजवून मऊ केलेल्या भोपळ्यावर तिळाचं ते दाट ड्रेसिंग घातलं की वाटी चाटूनपुसून खातात म्हणालीस. मी विचारलं, ड्रेसिंग म्हणजे काय, जखमेवर करतात ते? तेव्हा तू हसलीस. आई आजारी पडल्यापासून पहिल्यांदा हसलीस. मी त्या हसण्यासाठीच 'करून बघतो' म्हणालो, खरं सांगतो. जन्मात मी चहाच्या पुढे गेलो नव्हतो.

पहिल्या दिवशी तीळ जळाले. तू सांगितलं होतंस मंद आचेवर, पण मला वाटलं थोडा रंग येऊ दे. घरभर धूर आणि कडू वास. दुसऱ्यांदा रंग बरोबर आला, पण मिक्सर एवढा वेळ चालवला की तेल सुटून भांड्याला डांबर चिकटावं तसा गोळा झाला. तू व्हिडिओवर ओरडत होतीस, "आबा, थांबून थांबून फिरवा, मोटर नाही ती!" सोया सॉससाठी मी नासीरच्या दुकानात गेलो. त्यानं चायनीजच्या गाडीवाले नेतात ती काळी बाटली दिली. ती आणि व्हिनेगर दोन्ही घालून मी मोठ्या हौसेनं आईला अर्धा चमचा दिला. तिला असा ठसका लागला की डोळे पांढरे झाले. भाभीनं पाठ थोपटून तिला वाकवलं म्हणून निभावलं. मी वाटी मोरीत उपडी केली आणि तिथेच उकिडवा बसलो. तुला त्या दिवशी फोन केला नाही, आठवतं? तू समजलीस मी फैजपुरात नाही. मी घरातच होतो.

पण नासीरनं ऐकलं तेव्हा त्यानं भुसावळहून कमी मिठाची बाटली मागवून दिली. व्हिनेगर तू काढून टाकायला लावलंस, त्याऐवजी लिंबाचे थेंब. राहिलं ड्रेसिंगला दाटपणा आणणारं मेयोनीज. कच्चं अंडं तिला द्यायचं नाही आणि दुकानातलं गोडमिट्ट, म्हणून तू दुधाचं शिकवलंस. उंच भांड्यात गार दूध, वरून तेलाची बारीक धार, आणि ब्लेंडर बुडाशी धरून अजिबात हलवायचा नाही. जन्मभर फिरणाऱ्या यंत्राशी गाठ असलेल्या माणसाला तेवढं तरी जमायला हवं होतं, आणि जमलं. बुडापासून पांढरं दाट चढत आलं, लिंबू पडल्यावर आणखी घट्ट झालं. त्यात भाजून बारीक केलेले तीळ, सॉस, साखर आणि आल्याचा नुसता रस. चमचा तिरका केला तर धार न लागता गोळा होऊन पडलं. भोपळा, म्हणजे आपलं गंगाफळ, वाफवून, चाळणीतून घासून, त्यावर ते घातलं आणि तिच्यापुढे नेलं. तिनं वास घेतला. मग तोंड उघडलं, स्वतःहून. तोंडात घेऊन कितीतरी वेळ थांबली, आणि तिचा गळा हललेला मला दिसला. मी दुसरा चमचा भरायचं विसरून नुसता बघत राहिलो, तर ती म्हणाली, "आखो."

चाळीस वर्षं फैजपुरात राहून ती आमच्यासारखं 'मले-तुले' बोलायची. ते सगळं अर्धांगाच्या झटक्यात पुसलं गेलं आणि उरले ते तिच्या माहेरचे, सोनगीरचे चार-दोन शब्द. तिकडे 'आणखी'ला 'आखो' म्हणतात. लग्न झाल्यावर आमच्या घरी तिच्या त्या बोलीला हसायचे म्हणून तिनं ती टाकून दिली होती. त्या दिवसानंतर मी सोनगीरच्या भाषेत बोलायचा प्रयत्न करायचो. "काय शे?" म्हणजे काय आहे, असं विचारायचो. ती अर्ध्या तोंडानं हसायची, कारण मला ते कधीच नीट येत नव्हतं.

ते महिने चांगले होते, मोना. तुला वाटत असेल आबा उगाच बरं सांगतात, पण खरंच चांगले होते. सकाळी मी तीळ भाजायला घेतले की ती खाटेवरून मान वळवायची. गंगाफळ, बटाटा, गाजर, सगळं त्या ड्रेसिंगखाली खपायचं. गाल जरा भरले. संक्रांतीला भाभी तिळाचे लाडू घेऊन आली, तेव्हा आईनं लाडवाकडे बोट दाखवलं आणि मग माझ्याकडे, म्हणजे याचं ते ड्रेसिंग कर. भाभी मी केलेल्या ड्रेसिंगमधलं थोडं काकडी-कोबीवर घालून, हिरवी मिरची चिरून दानिशच्या डब्यात द्यायची. तो तिचा धाकटा इतका खूश झाला की जपानी भाजी म्हणून वर्गात वाटायचा. एकदा तू फोनवर बोलता बोलता म्हणालीस, "आबा, इथं मी सुझुकी आजींना भरवते तेव्हा माझ्या हातात तुमचा चमचा आहे असं वाटतं." तुझा हात परक्याच्या आईच्या तोंडाशी आणि तुझ्या आईच्या तोंडाशी माझा हात. यात कोणाचं काय चुकलं ते मला अजून कळत नाही. तुझं तर काही चुकलं नाही.

होळीनंतर खोकला सुरू झाला. मी चमचा लहान केला, मिश्रण आणखी दाट केलं, तिला तासभर बसवून ठेवू लागलो. तरी ताप आला. इथं आणलं, बरी झाली, घरी नेली, पुन्हा ताप. दुसऱ्यांदा डॉक्टर म्हणाले की आता तोंडानं काहीच नाही, थेंबसुद्धा नाही, जे देऊ ते छातीत उतरतंय. नाकातून नळी घातली. ती डाव्या हातानं ओढून काढायची. पुन्हा घालायचे, ती पुन्हा काढायची. मग त्यांनी तो हात खाटेला पट्टीनं बांधला. मी सोडायला गेलो तर नर्स म्हणाली, "काका, त्यांच्याच भल्यासाठी आहे." असेलही. पण जो एक हात तिला उरला होता तो बांधलेला मला बघवला नाही. मी बाहेर येऊन उभा राहायचो आणि पुन्हा आत जायचो. माझ्यानं दुसरं काही होत नव्हतं.

परवा नळी काढलेली असताना मी एक गोष्ट केली. सकाळी फैजपूरला जाऊन कपडे आणले तेव्हा ड्रेसिंग करून छोट्या डबीत भरून आणलं होतं. खायला नाही, नुसती चव. बोटाच्या टोकावर घेऊन तिच्या ओठांना लावलं. मला वाटलं जीभ बाहेर येईल. तिनं ओठ घट्ट मिटले आणि मान भिंतीकडे वळवली. मी तिला नावानं हाक मारून म्हटलं, "बेबा, तीळ शे." पंधरवड्यात ती एक शब्द बोलली नव्हती. ती स्पष्ट म्हणाली, "नको." चिडून नाही, रडून नाही. दारात आलेल्या माणसाला सांगावं तसं. मी रुमालानं तिचे ओठ पुसले. भाभी कोपऱ्यात उभी होती, तिनं पदर तोंडाला लावला.

डॉक्टर म्हणतात पोटाला छिद्र करून नळी बसवू. मी त्यांना विचारलं, बसवली तर ती उठेल का, बोलेल का, गिळेल का? तरुण डॉक्टर आहेत, खोटं बोलले नाहीत. म्हणाले, "नाही काका. काही महिने निघतील, पण अशाच." परवा रात्री तू फोनवर म्हणालीस, "आबा, नळी बसवा, मी सुट्टी काढून येईपर्यंत तरी." मी काही बोललो नाही आणि तू ते 'हो' समजलीस. म्हणून हे पत्र. मी नळी बसवणार नाही, मोना. उद्या सकाळी गाडी ठरवली आहे, भाभी आणि मी तिला नशिराबाद-भुसावळवरून घरी नेतोय, हात मोकळा करून. तुला विचारून ठरवायला हवं होतं, पण विचारलं असतं तर तू नाही म्हणाली असतीस आणि मी तुझं ऐकलं असतं. तू तिकडे अशी किती माणसं शेवटपर्यंत सांभाळलीस, मला फक्त एवढं लिहून कळव की ओठ कशानं ओले ठेवायचे, कूस किती वेळानं बदलायची, आणि दुखत असेल तर ते कसं ओळखायचं. तिकीट काढ आणि ये. पण विमानात बसशील तेव्हा मनाशी आशा धरून बसू नकोस. तू पोचशील तोवर ती नसेल असं डॉक्टरांचं आणि माझंही मत आहे. हे तुला मुंबईच्या विमानतळावर कोणा दुसऱ्याकडून कळू नये, माझ्याकडूनच कळावं, एवढ्यासाठीच उन्हात बसून लिहिलं.

तुझाच,
आबा