पेन बाहेर ठेवून

४ ऑगस्ट
बावीसपैकी बावीस! मला नाही, धाकटीला. मला तेरा.
एका घरातल्या दोघी जावा, एकाच वर्गात, उष्णता-वहनाचा एकच विषय. सर म्हणतात, "अभ्यासाला घरातच सोबत आहे, बरंय." डोंबलाची सोबत! सरांच्या प्रयोगशाळेत संशोधनाची जागा एकच आहे, आणि ती मला हवीय. आठ वर्षांची नोकरी सोडून आलेय मी इथे. हिचं कॉलेज अजून सुटलं कुठंय!

७ ऑगस्ट
सासूबाई: "धाकटी किती शांतपणे अभ्यास करते नाही?" मी भांडी जोरात ठेवली.
संध्याकाळी तीच ओट्यापाशी आली. "ताई, हे समीकरण सुटत नाही हो." कुकरच्या शिट्ट्या मोजता मोजता दोन ओळींत सांगून मोकळी झाले. मूर्खच मी!

८ ऑगस्ट
जळतेय मी. लिहून टाकलं की बरं वाटेल म्हणून लिहिलं. नाही वाटलं.

११ ऑगस्ट
सापडली! चार वाजता सरांच्या खोलीत होती. दार उघडंच. टेबलावर उत्तरांची पुस्तिका — आमच्या पुस्तकातलं प्रत्येक गणित सोडवलेली — आणि ही उभ्याने वाचतेय! घरी येऊन वर साळसूदपणे, "ताई, चहा ठेवू?"
ठेव बाई.

१२ ऑगस्ट
तिला चालते तर मला का नाही? नेटवर शोधली, मिळाली. गृहपाठाची पाचही गणितं उतरवून काढली. अक्षर काय सुरेख आलंय!

१७ ऑगस्ट
तोंडावर आपटले. माझी पुस्तिका जुन्या आवृत्तीची. तिच्यात भट्टीची भिंत दोन थरांची, नव्या पुस्तकात तीन. मी अख्खा थर गिळला.
सर ओरडले नाहीत, तेच वाईट. "ही भिंत कुठून आणलीत?"
मी उसळले. "धाकटीला तुम्ही पुस्तिका दाखवता, ते चालतं?"
त्यांनी दारावरची चिठ्ठी दाखवली. उत्तरांची पुस्तिका पाहायला मिळेल, गुरुवारी चार वाजता. आधी स्वतः सोडवलेली वही दाखवा. पेन बाहेर ठेवा. दहा मिनिटं.
"पहिल्या आठवड्यापासून लावलीय. अख्ख्या वर्गातून एकटी ती आली."
रोज त्याच दारावरून जाते मी. पाचही गणितांना शून्य.

१८ ऑगस्ट
गुरुवार. खांबाआडून पाहिलं. (हो, खांबाआडून!) धाकटी बाहेर आली, खिडकीतलं पेन उचललं, तिथेच पायरीवर बसून आठवेल तसं तांबड्या शाईत लिहीत सुटली. मी हाक मारली नाही.

२२ ऑगस्ट
जागा धाकटीला मिळाली. ती सासूबाईंना सांगायला धावली, वही माझ्यापुढेच उघडी राहिली. काळ्यात तिनं सोडवलेलं, तांबड्यात तिच्या चुका. पान न् पान तांबडं. कुकरच्या दिवशीच्या समीकरणापाशी समासात बारीक अक्षरात —
"पुस्तिकेत दीड पान. ताईंनी शिट्ट्या मोजत दोन ओळींत केलं. त्या खोलीत त्या आल्या तर माझं काही खरं नाही. चिठ्ठीचं त्यांना सांगायला हवं. सांगवत नाही. जळते मी त्यांच्यावर."